लग्न नसलेली कॅसेट

उन्हाळा आल्याचं मला उन्हावरून कळत नाही, बँडवरून कळतं. आमच्या गल्लीच्या तोंडाशी एक मंगल कार्यालय आहे. चैत्र उतरला की तिथे सकाळपासून ताशे तापवायला लागतात आणि पहिल्या टिपरीबरोबर माझी बोटं टेबलावर वाजू लागतात. ताल धरत नाहीत ती, कुठे कापायचं ते मोजत असतात. समोर संगणकावर धरणग्रस्तांवरचा माहितीपट असो की दंतमंजनाची जाहिरात, अंगात लग्नसराई भिनायची ती भिनतेच.

मी संकलक आहे. आमच्या आत्याला हा शब्द काही केल्या जिभेवर बसत नाही, म्हणून ती पाहुण्यांना सांगते, "सिनेमाला कात्री लावते ती." लावते खरी. शिवाय आवाजातली घरघर काढते, वेगवेगळ्या उन्हातले रंग एकमेकांना जुळवून घेते, पाट्या लिहिते, जिथे काहीच ऐकू येत नाही तिथे वारा आणून बसवते. मुंबईहून काम घेऊन येणारी पोरं विचारतात, "मॅडम, हे सगळं कुठे शिकलात?" मी म्हणते, "नाशकातच." ती पुढच्या संस्थेच्या नावाची वाट बघत थांबतात. नाव नाहीच, तर सांगणार काय? मी शिकले एका लग्नसराईत, एका कॅसेटवर. आणि त्या कॅसेटीत लग्नच नव्हतं.

नव्वदीचं दशक तेव्हा अर्धं सरलं होतं. शालिमारजवळ एका दवाखान्याच्या वर भाऊंचा व्हिडिओ स्टुडिओ होता. भाऊ म्हणजे मालक. गळ्यात सोन्याची साखळी, कपाळाला अष्टगंध, आणि मन तसं मऊ, पण लग्नसराईत त्याला कुलूप. मी तिथे दोन वर्षं संकलनाला होते. बी. कॉम. झालेली मुलगी व्हिडिओच्या दुकानात काय करते, हा प्रश्न आमच्या सिडकोतल्या अख्ख्या चाळीला पडला होता. बाबा अंबडला एका कारखान्यात फिटर होते. त्यांनी साहेबांशी बोलून तिथल्या ऑफिसात माझ्यासाठी जागा धरून ठेवली होती. "सीझन संपेपर्यंत थांबतो म्हणालेत साहेब," ते म्हणाले होते. "नंतर त्यांच्या नाकदुऱ्या काढायला मी जाणार नाही." मी हो म्हटलं नव्हतं आणि नाहीही म्हटलं नव्हतं.

त्या खोलीचा वास अजून माझ्या नाकात आहे. तापलेली यंत्रं, कूलरमधला ओला वाळा, आणि कॅसेटच्या डब्यांतून निघणारा शिळा मोगरा. लोक डबे हळदीच्या हातांनीच आणून द्यायचे. झाकण उघडलं की आतून दोन-चार अक्षता मांडीवर पडायच्या. दुपारी वीज जायची, कूलर थांबायचा, आणि खालच्या रस्त्यावरचा रसवंतीचा घुंगरू तेवढा ऐकू यायचा. त्या वेळी मी कागदावर पुढचे कट मांडून ठेवायची.

कारण तेव्हा चुकायला परवानगी नव्हती. एका यंत्रात मूळ कॅसेट, दुसऱ्यात कोरी, आणि एकातून दुसरीत एकेक तुकडा उतरवत पुढे जायचं. मधला एखादा तुकडा बदलावासा वाटला तर त्याच्या पुढचं सगळं पुन्हा. आजची पोरं एक कळ दाबून केलेलं काम मागे घेतात आणि मला त्यांचा हेवा वाटतो. पण आधी ठरव आणि मग हात लाव, ही सवय मला त्या यंत्रांनी लावली. ती सवय पुढे फक्त कामापुरती राहिली नाही.

त्या वर्षी वैशाखात एक दाट तिथी आली. नाशकात म्हणे घोडे कमी पडले, नवरदेव जीपमधून मिरवले. भाऊंनी एकाच दिवसाची इतकी लग्नं घेऊन ठेवली होती की कॅमेरामन पुरेनात. शेवटी त्यांनी सातपूरच्या दिलीपला गाठलं. दिलीपचं दुकान पासपोर्ट फोटोंचं. व्हिडिओ कॅमेरा त्याने हातात धरला नव्हता असं नाही, पण धरला होता एवढंच. त्याला कळवणकडच्या एका गावी पाठवलं.

दुसऱ्या दिवशी त्याने कॅसेट माझ्या टेबलावर ठेवली. "मॅडम, एकही फ्रेम वाया नाही," म्हणाला. मी लावली, तर नुसता काळोख. काळोखात जीपचा खडखडाट, कुणाचं तरी खोकणं, आणि दिलीपचाच आवाज, "आपल्याला अंगाचीच कला आहे हो." कॅमेरा पिशवीत होता आणि चालू होता.

काय झालं ते मला जागच्या जागी कळलं. चालू करायला आणि बंद करायला कळ एकच. निघताना तपासणीसाठी त्याने ती दाबली आणि तशीच ठेवली. मांडवात पोचल्यावर सुरू करायला म्हणून दाबली, तर कॅमेरा थांबला. पुढे दिवसभर तेच. तो टिपायला लागला की कॅमेरा झोपायचा, आणि त्याने आवरतं घेतलं की कॅमेरा जागा व्हायचा. बघायच्या काचेत एक लाल खूण पेटते, पण वैशाखाच्या उन्हात ती कुणाला दिसणार? आणि फोटोग्राफरला कळ दाबली की काम झालं असं वाटण्याची जन्माची सवय.

म्हणजे कॅसेटीत काय होतं? चपला. मांडवाच्या वाशाला टेकलेलं, तिरकं झालेलं जग. वरातीची वाट बघत कंटाळलेलं खेचर. हळद झाल्यावर उरलेलं पाणी. आहेर आटोपल्यावर कमरेवर हात ठेवून सुस्कारा टाकणारी एक मावशी. बुंदी चाखून "मीठ कमी हाय" म्हणणारा म्हातारा, आणि त्यावर आचाऱ्याचा चेहरा. लग्न लागून गेल्यावर जमिनीवर सांडलेल्या अक्षता, त्यांच्यावरून जाणारी नवरीची नवी जोडवी, आणि मागे दणकून बँड. अंतरपाट नाही, हार नाहीत, सप्तपदी नाही. नवरीचा चेहरा अख्ख्या कॅसेटीत एकदा, तोही पाठवणीनंतर जीपच्या काचेत, अर्धा.

भाऊंनी कॅसेट पाहिली आणि पहिल्यांदा दिलीपच्या सात पिढ्या काढल्या. मग शांतपणे पाणी प्यायले आणि म्हणाले, "शैला, एवढं काय? ओझरच्या लग्नातला अंतरपाट घे. लांबचा शॉट आहे. शालूही लालच आहे. वरून गुलाबाच्या पाकळ्या सोड, कोण बघतंय?"

हे काही नवीन नव्हतं. भाऊंच्या कपाटातल्या एका तयार कॅसेटीत पाकळ्या, उगवता सूर्य, समया आणि दोन हंस होते. भोकं बुजवायला ते सगळ्याच लग्नांत जायचे. पण दुसऱ्याचं लग्न कधी गेलं नव्हतं.

"भाऊ, ती माणसं ओळखतील."

"कुणी ओळखत नाही. लोक स्वतःला शोधतात. स्वतः दिसलं की खूश. आणि नसेल जमत तर तसं सांग. नव्या मुलीची सोय करतो. तुझं अंबड आहेच."

मला राग आला. भाऊंचं म्हणणं खोटं नव्हतं म्हणून जास्तच आला. मी म्हटलं, "फोटो तर कुणीतरी काढले असतील ना? ते आणते आधी." सकाळी सीबीएसवरून कळवणची एसटी धरली.

त्या रस्त्याचं मला पुढे नेहमीच प्रेम वाटत आलं. दिंडोरी सुटलं की द्राक्षांचे मांडव, मग उघडे माळ, मग सप्तशृंगीचा डोंगर वळणावळणावर तोंड फिरवून बसलेला. त्या दिवशी मात्र मी खिडकीबाहेर बघत नव्हते, ओझरचा अंतरपाट डोळ्यांपुढून हलत नव्हता. शेजारची बाई कोथिंबिरीच्या जुड्या सांभाळत म्हणाली, "माहेरी चालली का वं?" मी म्हटलं, "लग्नाला." तिने माझ्या साध्या ड्रेसकडे पाहिलं आणि जुड्या मोजू लागली.

नवरीची आई सुमनबाई दारातच कांदे निवडत बसल्या होत्या. मांडव उतरलेला, त्याची भोकं अजून अंगणात. त्यांनी मला आत नेलं, गूळ-पाणी दिलं. फोटो कळवणच्या एका स्टुडिओवाल्याने काढले होते, ते समोर ठेवले. मोजकेच होते, पण छान होते.

"फोटूचं मला काय नाय," त्या म्हणाल्या. "फोटू हालत नाय. मी कॅशेटीची वाट पाहून ऱ्हायले. माझ्या वैशूचं लगीन मला पाहायचं हाय."

"पण तुम्ही होतात ना मांडवात?"

त्या हसल्या. शहरातली पोर, हिला काय माहीत, अशा हसल्या. "आईनं लेकीवर अक्षता पडताना पाहू नये, बाई. आमच्यात मंगलाष्टका सुरू झाल्या की आईनं तुळशीला पाणी घालायचं. सावधान ऐकू येईपर्यंत धार तुटू द्यायची नाय. सगळ्या गावानं पाह्यलं, मी एकटीनंच नाय पाह्यलं. म्हणून तर ह्यांच्यापाशी हट्ट धरला, का कॅमेरा लावाच."

आमच्या घरची लग्नं कार्यालयांतली. तिथे कुठली तुळस? मला हे ठाऊकच नव्हतं. गुळाचा खडा माझ्या तोंडात तसाच राहिला. भाऊंची युक्ती अख्ख्या गावात कुणी ना कुणी पकडली असती. फक्त ही बाई पकडू शकली नसती, कारण तिने लग्न पाहिलेलंच नव्हतं. म्हणजे कॅसेट जिच्यासाठी होती, नेमकी तिलाच आम्ही ओझरची नवरी दाखवणार होतो, आणि ती डोळे भरून बघणार होती.

परतीच्या एसटीत मी ठरवून टाकलं. परकी एक अक्षतासुद्धा घालायची नाही. नोकरी गेली तर जाऊ दे. पण ही कॅसेट मी करणार, आणि सुमनबाईंना समोर बसवून खरं काय ते सांगूनच दाखवणार.

दुसऱ्या दिवशी मी कॅसेट पहिल्यापासून पुन्हा लावली. या वेळी पळवायची नाही, असं ठरवून. मंगलाष्टका चालू असताना एका ठिकाणी दिव्याची वायर निसटली होती, म्हणून दिलीपने त्याच्या मते कॅमेरा बंद करून खुर्चीवर ठेवला होता. आदल्या वेळी हा तुकडा मी निरुपयोगी म्हणून पुढे ढकलला होता. त्यात दिसत होता मांडवाचा एक खांब, त्यापलीकडे अंगण, आणि अंगणात कुणा बाईची पाठ. हिरवं नऊवारी. हातात तांब्या. कर्ण्यावर भटजींचा आवाज चढत होता, आणि ती पाठ जराही हलत नव्हती. पाण्याची धार उन्हात चमकत होती, सुईत ओवायच्या दोऱ्याइतकी बारीक. एकदा तांब्या रिकामा होत आला, तर तिने न बघता डावा हात खाली नेला आणि दुसरा भरलेला तांब्या उचलला. धार तुटली नाही.

मी रडले. लग्नांच्या कॅसेटी बघून रडण्याचे दिवस माझे कधीच मागे पडले होते, तरी रडले. मग नाक पुसलं आणि कामाला लागले.

जे मला येत नव्हतं ते सगळं त्या आठवड्यांत शिकावं लागलं. फोटो भिंतीला लावून त्यांच्यावरून कॅमेरा इतका हळू फिरवायला शिकले की अंतरपाटाच्या दोन बाजूंची दोन माणसं खरोखर वाट बघताहेत असं वाटावं. मंगलाष्टकांचा आवाज फक्त त्या खुर्चीवरच्या तुकड्यात होता. तो उचलून फोटोंखाली पसरला. त्यातली कर्ण्याची शिट्टी घालवायला रेडिओ दुरुस्तीवाल्या एका काकांकडून आवाज गाळायची एक जुनी पेटी आणली, आणि तिची बटणं फिरवत बसले. प्रत्येक मंगलाष्टकाच्या शेवटी सावधान येतंच, म्हणून ते कुठून उसनं आणावं लागलं नाही. जीपमधला काळोखसुद्धा वापरला. त्यावर पांढऱ्या अक्षरांत वधू-वरांची नावं आणि मागे खडखडाट. चपला, खेचर, मावशी, मिठाचा म्हातारा, सगळे घेतले. पाकळ्या एकही नाही. दोनदा मधलाच कट चुकला आणि पुढचं सगळं पुन्हा केलं. भाऊ दारात येऊन बघायचे, चुकचुकायचे आणि जायचे; भर सीझनमध्ये नवी मुलगी कुठून आणणार? एकदा म्हणाले, "हंस तरी घाल गं एक." घातला नाही.

दिलीप रोज येऊन कोपऱ्यात उभा राहायचा. एकदा हळूच म्हणाला, "मॅडम, हा तुळशीचा शॉट भारी आलाय नाही?" मी त्याच्याकडे असं पाहिलं की तो चहा आणायला गेला.

आषाढात वैशाली माहेरपणाला आली तेव्हा मायलेकी कॅसेट न्यायला नाशकात आल्या. मी त्यांना बसवलं आणि लावायच्या आधीच सांगितलं, "लग्न लागतानाचं चित्रण झालेलं नाही. कॅमेरा बंद होता. जे मिळालं त्यातून हे केलंय." भाऊंनी माझ्याकडे असे डोळे वटारले की बास. सुमनबाई पुढे सरकून बसल्या. पदर नीट करून पडद्याकडे बघत राहिल्या, आणि त्यांचा चेहरा उतरलेला मला स्पष्ट दिसला. केलेल्या कामाचा मला जो काही अभिमान होता तो तिथेच गळून गेला.

म्हातारा "मीठ कमी हाय" म्हणाला तेव्हा वैशाली खळखळून हसली. मग फोटो सुरू झाले. अंतरपाट, मुंडावळ्या, वैशालीच्या झुकलेल्या पापण्या. मंगलाष्टकांचा आवाज वाढत गेला आणि फोटोंच्या मधोमध ती हिरवी पाठ आली.

"हे काय, मीच की ही!" सुमनबाई म्हणाल्या. "मला कशाला दावती? पोरीला दाव ना."

वैशालीने आईचा हात धरला. पडद्यावर डावा हात खाली गेला, दुसरा तांब्या वर आला. "आई," ती म्हणाली, "तू सगळा वेळ तिथं होतीस? मला वाटलं, तू आत जाऊन बसली. मी तुला लय शोधलं गं. मान वर करता येईना म्हणून नुसत्या डोळ्यांनी शोधलं."

"मग काय पाणी टाकून येऊ तुझ्यापाशी?" आई म्हणाली. "धार तुटू द्यायची नसती." आणि मग लेकीच्या हातावर थोपटत राहिली, कॅसेट संपून पडद्यावर नुसत्या मुंग्या उरल्या तरी थोपटत राहिली.

निघताना त्या माझ्यापाशी थांबल्या. "लगीन काय मला दिसलं नाय," त्या सरळ म्हणाल्या. "त्याची खंत ऱ्हाईल. पण एक सांगते. तू दुसरीच कुठली पोर दावली असती ना, तरी मला कळलं नसतं. मी पोरीच्या सासरच्या बायांना हौसेनं दावत बसले असते." मी मान हलवली. भाऊ कपाटातलं काहीतरी शोधू लागले.

संध्याकाळी मी बाबांना सांगितलं की अंबडला जात नाही. त्यांनी पेपर खाली ठेवला. "म्हणजे आयुष्यभर दुसऱ्यांची लग्नं लावत बसणार?"

"नीट लावेन," मी म्हटलं.

त्यांनी पेपरची घडी नीट केली. मग म्हणाले, "फिटिंगमध्येही तेच असतं. बसत नाही तिथे हातोडा मारायचा नसतो." आणि पुन्हा पेपर वर धरला. साहेबांना त्यांनी काय सांगितलं ते मी कधी विचारलं नाही.

त्यानंतरची वर्षं भराभर गेली. संगणक आले, कॅसेटींच्या जागी चकत्या आल्या, भाऊंचे हंस भंगारात गेले. मी मुंबईला जाऊन-येऊन आवाजाचं काम शिकले, रंगाचं शिकले, आणि गंगापूर रोडला स्वतःची खोली घेतली. दर वेळी कुणीतरी म्हणायचंच की नाशकात राहून हे होणार नाही, आणि दर वेळी मी त्या म्हणण्याला खुर्ची द्यायची, चहा द्यायची आणि कामाला लागायची. लग्नं घेणं मात्र केव्हाच बंद केलं होतं.

या वर्षी चैत्रात फोन आला. "मी सुमनबाई, कळवणकडली. आता रूपालीचं हाय." रूपाली म्हणजे धाकटी. वैशालीच्या लग्नात ती कुणाच्या तरी कडेवर असेल. "तू लग्नं करत नाय म्हणं आता. पण हे तूच कर. आन् कॅमेरेवाला डोळस धाड."

"तुळशीपाशी एक वेगळा कॅमेरा लावते," मी म्हटलं.

"लाव. पण तिथं मी नाय. औंदा मी मांडवात उभी ऱ्हाणार हाय. सासूबाई गेल्या, आता मोठी मीच. मी ठरवलं."

"मग तुळशीला पाणी?"

"ह्यांना सांगितलंय घालाय. बाप बी शेच ना तो!" भरात आल्या की त्यांच्या बोलण्यात बागलाणकडचं माहेर डोकावतं, 'आहे'चं 'शे' होतं.

परवा ते चित्रण माझ्या टेबलावर आलं. तुळशीपाशी सुमनबाईंचे यजमान अण्णा, फेटा बांधून, घामाघूम. पहिल्याच मंगलाष्टकाला त्यांनी अख्खा तांब्या ओतून टाकला आणि मग पाण्यासाठी चौफेर हातवारे करत उभे राहिले. मांडवात सुमनबाई, लेकीच्या अगदी समोर, हिरव्या नऊवारीत. हातात अक्षता. सगळे टाकत होते आणि या टाकायलाच विसरल्या होत्या, नुसत्या बघत होत्या. शेवटच्या सावधानला बँड फुटला, लोक हलले, रूपालीने मान वर केली आणि समोर आई दिसली.

मग सुमनबाई एकदम कॅमेऱ्याकडे वळल्या. डोळे गळत होते, आवाज मात्र खणखणीत. "ए पोरा," त्या म्हणाल्या, "चालू हाय ना?"

लग्नाच्या फिल्ममध्ये असं वाक्य ठेवत नाहीत. ते सगळ्यात आधी कापायचं असतं. बाहेर कार्यालयात ताशे तापले होते आणि माझी बोटं टेबलावर वाजत होती. मी ती थांबवली, वाक्याचा आवाज थोडा वाढवला, आणि ते तिथेच राहू दिलं.